मांजराचा मासा

ट्यूनिस,
सोमवार, ७ ऑक्टोबर २०१३

प्रिय हमादी,

सलाम. मबरूका कशी आहे, पोरी कशा आहेत, बोटीत चढताना तुझा गुडघा अजून कुरकुरतो का? माझं ठीक चाललंय. रक्तदाब गोळीमुळे खाली आहे, बाकी सगळं वरच आहे.

सुका ऑक्टोपस पोचला. दरवर्षी मी पोच द्यायची विसरते आणि दरवर्षी तू पाठवतोस. असा कसा रे तू? या वेळी शिजवताना आईसारखं जवाचं पीठ लावलं, पण चव काही आली नाही. माझ्या हाताला रंगाचा वास येतो असं ती म्हणायची, तो आता रश्श्यालाही येऊ लागलाय.

फोनवर तुला ऐकू येत नाही आणि कानाचं यंत्र तू ड्रॉवरमध्ये जपून ठेवतोस, म्हणून लिहायला बसले. हे पत्र स्फॅक्सच्या शेअर टॅक्सीवाल्या मुनजीकडे देते, तो बोटीवर चढवील.

बातमी अशी की तुझ्या बहिणीला जिवंतपणी भिंतीवर टांगणार आहेत. शुक्रवारी, पंचवीस तारखेला. एका जुन्या कापडाच्या वखारीत माझ्या तीस वर्षांच्या कामाचं प्रदर्शन भरतंय. एकतीस नाटकांच्या एकतीस वह्या, झावळ्यांचे मुखवटे, मी रंगवलेले पडदे, पाडलेले आणि न पाडलेले. हे सगळं युस्र नावाची एक पोरगी मांडते आहे. वय सव्वीस, नाकात रिंग, आणि माझ्याबद्दल माझ्यापेक्षा जास्त माहिती. मी म्हटलं, ‘‘बाई, मी मेल्यावर कर हे सगळं.’’ तर म्हणते, ‘‘मदाम, तेव्हा तुम्ही माझ्या चुका काढायला नसाल.’’ उत्तर आवडलं म्हणून हो म्हटलं. तेच अंगाशी आलंय.

माझ्या वह्या तुला आठवत असतील. तालमीआधी प्रत्येक प्रवेश मी कोळशाने काढायचे, रंगमंच वरून दिसतो तसा. माणूस म्हणजे एक ठिपका. थोरल्या बहिणीला तू म्हणायचास, ‘‘लल्ला, तुला माणसं कावळ्यासारखी वरूनच दिसतात.’’ त्या वह्या इतकी वर्षं मी पलंगाखाली ठेवल्या होत्या. आता नाटकं तपासणारी ती सरकारी समिती उरली नाही, म्हणून त्या बाहेर काढता आल्या. या नव्या पोरांना ते खरंच वाटत नाही. युस्र विचारते, ‘‘म्हणजे पाच माणसं रिकाम्या थिएटरात बसायची आणि तुम्ही त्यांना आख्खं नाटक करून दाखवायचात? कुणी हसायचंसुद्धा नाही?’’ मी म्हटलं, ‘‘हसायचे की. नको तिथे.’’

बरं, मुद्द्याचं. युस्रने माझ्या नाटकांतल्या सगळ्या जुन्या नटांना आमंत्रणं धाडली आहेत, मला न विचारता. तुलाही येईल. ते मनावर घेऊ नकोस. ऑक्टोबरात समुद्र कसा असतो ते तुला ठाऊक आहे. बोट, मग टॅक्सीत पाच तास, आणि तुझा गुडघा. वखारीत बसायला धड जागा नाही, गर्दी होईल, भाषणं होतील. त्यात ईद नुकतीच झालेली, घरात पाहुणे असतील. तुला कशाला उगाच त्रास? जानेवारीत मीच येते. आई गेल्याच्या चाळिसाव्या दिवसानंतर बेटावर पाऊल ठेवलं नाही हे मलाही कळतं.

तेव्हा तू येऊ नकोस. रागावून सांगत नाहीये, काळजीपोटी सांगतेय.

पोरींना पापे.

तुझी,
शाद्लिया

•

केरकेना,
रविवार, १३ ऑक्टोबर

प्रिय लल्ला,

सलाम, आणि ईदच्या आगाऊ शुभेच्छा. तुझं पत्र बोटवाल्याने थेट कॉफीहाउसमध्ये आणून टाकलं, त्यामुळे माझ्याआधी चौघांनी ते हाताळलं. फोडलं नाही हीच कृपा. गुडघा माझ्यासारखाच आहे, कुरकुरतो पण काम सोडत नाही. मेंढा दारात बांधलाय, त्याने मबरूकाची अर्धी ओढणी खाल्ली आहे.

तू येऊ नकोस म्हणालीस म्हणजे मी येणार, हे तुला एव्हाना कळायला हवं होतं. समुद्राचं मला सांगू नकोस, मी त्यातच राहतो. बसायला जागा नसेल तर उभा राहीन. आणि भाषणांचं म्हणशील, तर डावा कान भाषणांकडे करून बसेन. त्या कानाचा एवढा तरी उपयोग होऊ दे.

आमंत्रण तुझ्या पत्राआधीच आलं. कार्डावरचा तो छोटा लाल मासा दिव्याखाली धरून पुन्हा पुन्हा बघितला, खरंच सांगतो. मोठमोठ्या शहरांत नाटकं केलीस पण बेटाचा मासा विसरली नाहीस. कार्ड मी कॉफीहाउसच्या आरशावर लावलंय. आता रोज वाद चालतो, हा मासा कुठला? इस्माईल म्हणतो बोय, त्याचा भाऊ म्हणतो तांब. शेवटी मी सांगितलं, ‘‘भांडू नका, माझ्या बहिणीला सगळं काढता येतं, मासा सोडून.’’

शाळेत नवा मास्तर आलाय, पुस्तकं वाचणारा. त्याने विचारलं, ‘‘तुम्ही शाद्लियांचे भाऊ? नाटक का सोडलंत?’’ मग मी त्याला सांगितलं. बाकीच्यांना ते पाठ आहे, तरी सगळे खुर्च्या जवळ ओढून पुन्हा ऐकत होते. सांगितलं, की समितीने माझी अकरा मिनिटं कापली तेव्हा ही एकटी बाई आत पाच जणांशी चाळीस मिनिटं भांडली. चाळीस! मी बाहेर बाकावर बसलो होतो, एका पायात बूट, दुसरा तसाच रंगमंचावर राहिलेला. दार जाड आणि त्यात माझा कान हा असा, त्यामुळे एक शब्द ऐकू आला नाही. पण ती बाहेर आली तेव्हा तिचे डोळे मी बघितले. उलट मलाच तिची समजूत घालावी लागली. मास्तरने माझा हात हातात घेतला, लल्ला. मला लाज वाटली आणि बरंही वाटलं.

ते सांगायला मला का आवडतं माहीत आहे? त्या वर्षांत माझ्यासाठी कुणी एक मिनिटही भांडलं नव्हतं.

तर मी येतोय, मबरूका आणि दोन्ही पोरींना घेऊन. तुझ्या युस्रने कार्डामागे लिहिलंय की ‘कोरडं बंदर’च्या वहीतलं माझ्या प्रवेशाचं पान तिने भिंतभर मोठं केलंय. पोरींना बापाचा प्रवेश कधी बघायला मिळाला नाही, निदान त्याचं चित्र तरी बघतील. मोठी आत्ताच मैत्रिणींना सांगत सुटली आहे.

नवे बूट घेतलेत. करकरतात. तुझ्या भाषणात मध्येच आवाज आला तर मीच आहे असं समज.

तुझा लाडका,
हमादी

•

ट्यूनिस,
शनिवार, १९ ऑक्टोबर

हमादी,

सलाम. ईद नीट पार पडली असेल.

तालमीत नट खोटं बोलायला लागला की मी टाळी वाजवायचे. पुन्हा! मागच्या पत्रात मी असंच केलंय. काळजीपोटी म्हणे. तेव्हा पुन्हा लिहिते, आणि हे पत्र तू मबरूकाच्याही आधी, एकट्याने वाच. कॉफीहाउसमध्ये उघडू नकोस.

कार्डावरचा मासा बेटाचा नाही. म्हणजे बेटाचाच आहे, पण तू समजतोस तसा नाही. आई उंबऱ्यात बसून मासे साफ करायची तेव्हा पहिला मासा मांजराला टाकायची, आठवतं? मी एकदा म्हटलं, ‘‘आई, निदान बारका टाक, सडका टाक.’’ तर म्हणाली, ‘‘बारका टाकला तर ती इथेच बसून राहते आणि सगळ्या टोपलीवर डोळा ठेवते. चांगला टाकला की तो घेऊन निघून जाते.’’

समितीसाठी आम्ही सगळे दिग्दर्शक तेच करायचो. नाटकात मुद्दाम एक प्रवेश असा घालायचा की तो बघून ते भडकतील, तो कापतील, काहीतरी केल्याच्या समाधानात घरी जातील आणि बाकीचं नाटक वाचेल. माझ्या वह्यांत अशा प्रवेशाच्या कोपऱ्यात एक लाल मासा असायचा. युस्रला तो माझी सही वाटला. तिने विचारलं तेव्हा मी म्हटलं, तालमीच्या खोलीत एक मांजर यायचं.

आधीच्या दोन नाटकांत मी मंत्र्याला चार शिव्या घालून मासा टाकला होता. पण ते शहाणे झाले होते. त्यांनी शिव्या हसून तशाच राहू दिल्या आणि नाटकाचा गाभा कापला. दोन्ही नाटकं मेली. ‘कोरडं बंदर’ तिसरं होतं, तेही गेलं असतं तर मला पुन्हा थिएटर मिळालं नसतं. मला खरा मासा हवा होता. चांगला.

त्याच आठवड्यात तू तालमीत बोललास. पाव महागला म्हणून दंगे झाले त्या जानेवारीत तुला पकडून नेलं, ते चाळीस दिवस. त्यानंतरच्या सहा वर्षांत तू आईलाही त्यातलं काही सांगितलं नव्हतंस. पळून जाऊ नये म्हणून प्रत्येकाचा एक बूट काढून घेतलेला. तुझा डावा उरलेला, कोठडीत तुझ्या शेजारी असलेल्या स्फॅक्सच्या बेकरीवाल्याचा उजवा. ज्याला चौकशीला बोलावणं येईल त्याने दोन्ही घालून जायचं, असं तुमचं ठरलेलं. एक दिवस तो दोन्ही घालून गेला आणि परत आला नाही. तू अनवाणी घरी आलास, डावा कान गमावून. हे तू खुर्चीवर बसून अकरा मिनिटं सांगितलंस आणि कुणाला टाळी वाजवायचं सुचलं नाही, मलासुद्धा. मी ते जसंच्या तसं उतरवून घेतलं. तू म्हणालास, ‘‘लल्ला, हे लोकांसमोर बोललो तर मला झोप लागेल.’’

त्या रात्री मी त्या प्रवेशाचं चित्र काढलं. माझ्या सगळ्या वह्यांतलं सगळ्यात चांगलं चित्र तेच आहे, युस्र म्हणते ते खोटं नाही. आणि त्याच्या कोपऱ्यात लाल मासा काढला. खाली लिहिलं, ‘हमादीचा बूट मांजराला.’ समितीपुढच्या प्रयोगाच्या नऊ दिवस आधीची तारीख आहे त्यावर.

आता कळलं? मला माहीत होतं की तू ते लोकांसमोर कधीच बोलणार नाहीस. तू बोलणार होतास फक्त त्या पाच जणांसमोर, एकदाच. तरी नऊ दिवस मी तुझी तालीम घेतली. ‘‘इथे जरा थांब, इथे बूट खाली ठेव, घाई करू नकोस.’’ तू बोलत होतास तेव्हा तिसऱ्या रांगेत समितीचे अध्यक्ष सूर्यफुलाच्या बिया सोलत होते. तू ते बघितलंस. मी तुला बघताना बघितलं.

आणि चाळीस मिनिटं.

आत गेल्यावर अध्यक्ष म्हणाले, ‘‘बाकी ठीक आहे. तो बूटवाला काढा.’’ मी म्हटलं, ‘‘बरं.’’ एवढंच झालं आत. एक श्वास लागला असेल. लगेच बाहेर आले असते तर तुला संशय आला असता, म्हणून बसून राहिले. त्यांनी कॉफी मागवली, बदामाची करंजी होती बशीत, ती खाल्ली. एका सभासदाच्या मुलीचं लग्न होतं, त्याच्याबद्दल बोललो. मग उठले, दारापाशी येऊन डोळे चोळले आणि बाहेर आले. तुला आतलं भांडण ऐकू आलं नाही, कारण भांडण झालंच नाही. तेवीस वर्षं तू त्याचा दोष आपल्या कानाला देतो आहेस.

‘‘राहू दे, लल्ला, तू खूप भांडलीस,’’ असं म्हणून तू मला जवळ घेतलंस. तेव्हा सांगायला हवं होतं. मग तू नाटक सोडलंस, बेटावर परत गेलास, ‘कोरडं बंदर’ गाजलं, पुढची अठ्ठावीस नाटकं त्याच्या जोरावर झाली. मी तुझ्याकडे का येत नाही, ऑक्टोपसची पोच का देत नाही, याचं कारण हे आहे. मला तुझ्या चांगुलपणाचा राग यायचा. लिहितानाही लाज वाटते, पण यायचा.

तुझं पत्र खिशात घेऊन मी ईदच्या दुपारी वखारीत गेले. सगळे आपापल्या घरी होते. त्या भिंतीसमोर पांढऱ्या रंगाचा डबा उघडला. ब्रशचा एक फटकारा मारला असता तर मासा गेला असता, दुसऱ्यात ओळ गेली असती, आणि युस्रला मी काहीही सांगितलं असतं तरी तिने ऐकलं असतं. आयुष्यभर पडदे रंगवलेत मी, फटकारा कधी अडला नाही. त्या दिवशी बराच वेळ उभी राहिले. चित्रात तू एक ठिपका आहेस आणि शेजारी एवढासा बूट. मग डबा बंद केला. मोठं काही कारण नव्हतं. तुला दुसऱ्यांदा कापणं जमेना, इतकंच.

पान भिंतीवर आहे. तुझ्या पोरींना वाचता येतं. त्यांनी ते तिथे वाचण्याआधी तू माझ्याकडून वाचावंस म्हणून हे लिहिलं. तू सांगशील तर पान उतरवते, सांगशील तर सगळं प्रदर्शन बंद करते. आता येऊ नकोस असं म्हणत नाही, आणि ये म्हणायला तोंड नाही. मुनजी बुधवारी परत निघतो.

शाद्लिया

•

केरकेना,
बुधवार, २३ ऑक्टोबर

शाद्लिया,

पत्र काल बोटीत वाचलं, मासे अडवायच्या समुद्रातल्या आपल्या कुंपणापाशी. झावळ्या बदलायला गेलो होतो, त्या तशाच राहिल्या. दोनदा वाचलं. घरी येऊन मबरूकाला उजव्या कानाशी मोठ्याने वाचायला लावलं, कारण मला वाटलं डोळ्यांचंही कानासारखंच झालंय. वाचून झाल्यावर ती म्हणाली, ‘‘जाऊ नका.’’

संध्याकाळी कॉफीहाउसमध्ये जाऊन आरशावरचं कार्ड काढलं. मास्तरने विचारलं, ‘‘का काढलंत?’’ मी म्हटलं, ‘‘पोरींना हवंय.’’ तुझ्यासाठी खोटं बोललो. त्याने त्या दिवशी माझा हात हातात घेतला होता ना, म्हणून. त्याला खरं काय ते कोण सांगणार, तू की मी?

बियांचं मला आठवतंय. मला वाटायचं, मी नीट बोललो असतो तर त्याने बिया बाजूला ठेवल्या असत्या. तेवीस वर्षं वाटायचं, माझंच काहीतरी कमी पडलं. नाटक मी त्यामुळे सोडलं, समितीमुळे नाही. हे तुला कधी सांगितलं नाही कारण तू एवढी भांडली होतीस.

पान उतरवू नकोस. त्याच्याखाली मासा म्हणजे काय ते तुझ्या अक्षरात लिही. मांजर यायचं वगैरे नाही, खरं ते. करंजीसकट.

आणि समितीपुढे प्रयोग केला ते थिएटर शुक्रवारी तीन वाजता उघडून घे. तुला नाही म्हणणारा तिथे आता कुणी नसेल. आत कुणाला घेऊ नकोस, युस्रलाही नको. मबरूका आणि पोरी बाहेरच्या बाकावर बसतील. तू तिसऱ्या रांगेत बस, तो अध्यक्ष बसला होता त्या खुर्चीवर. वही आणू नकोस, कोळसा आणू नकोस. कॉफी पिऊन ये, आत मिळणार नाही.

अकरा मिनिटं आहेत. मला अजून पाठ आहे. मध्ये टाळी वाजवलीस, रडलीस, ‘इथे जरा थांब’ म्हणालीस, तर मी तिथूनच उतरून बोटीची वाट धरीन. त्या बेकरीवाल्याचं नाव तू तेव्हा काढायला लावलं होतंस, म्हणे प्रेक्षकांना अडखळायला होईल. त्याचं नाव सालिम होतं. या वेळी ते घेणार आहे.

नवे बूट मबरूकाने परत कपाटात ठेवले. जुनेच घालून येतो.

पत्राच्या शेवटी ‘तुझा’पुढे दरवर्षी लिहितो तो शब्द आत्ता लिहवत नाही. शुक्रवारी अकरा मिनिटं झाली की बघू.

हमादी